भालचंद्रांचं नवं मरण

भुताच्या सिनेमाचा रिमेक निघाला की त्यातल्या भुताचं मरण बदलतं, आणि शेवटचं मरण तेवढं ग्राह्य धरतात.

नेरवाडीचे भालचंद्र पेडणेकर मूळ मराठी सिनेमात शेवाळावरून पाय घसरून विहिरीत पडले होते. साधं, सरळ मरण, कुणाला दोष नाही. दुपारभर ते विहिरीच्या काठावर धुक्यात उभे राहत आणि चारच्या चहाला घरी येत. दारापासून ओली होणारी फरशी पुसण्याखेरीज इंदुमतीबाईंना नवऱ्याचा काही त्रास नव्हता. इटलीच्या रिमेकमध्ये ते तापाने गेले, तेव्हा बाईंनी काढा करून दिला. निभावलं.

मग कोरियात रिमेक झाला. तिथल्या मंडळींना नुसतं घसरणं पुरेना. त्यांनी बायकोलाच ढकलायला लावलं.

त्या दिवसापासून भालचंद्रांनी बायकोच्या हातचा चहा सोडला. कप निवून जायचा आणि हे भिंतीकडे तोंड करून बसायचे. इंदुमतीबाईंचा जीव तुटायचा. मेलेल्या माणसाशी इतकी वर्षं संसार रेटला, कधी चकार शब्द काढला नाही, आणि त्याचं हे फळ!

"अहो, मी ढकलीन का तुम्हाला?"

"नाही ढकलणार, ठाऊक आहे मला," भालचंद्र म्हणाले. "पण पाठीला तुझे हात लागलेले आठवतात. त्याला मी काय करू?"

तालुक्याच्या कचेरीत कारकुनाने सांगितलं की कोरियाचं मरण रीतसर आहे. नको असेल तर नवा रिमेक काढा. सिनेमाच हवा असं नाही, नाटकही चालेल; मात्र मरण कुणाचं तरी व्हायला हवं.

बाईंनी गावची दशावतारी मंडळी गाठली. मालक नाना मेस्त्रींना बजावलं की पाय घसरू दे, बाकी काही नको. नानांनी मान डोलावली. पण दशावतारात लिहिलेलं काही नसतं. उभं राहायचं आणि तोंडाला येईल ते बोलायचं. इंदुमतीबाईंचं सोंग घेतलेला सदा, नवरा विहिरीत पडल्यावर असा काही रडला की बायकांनी डोळ्यांना पदर लावले. लोक रडताहेत म्हटल्यावर गडी चेकाळला. "नाथ, एकटे जाऊ नका," म्हणत त्याने मागोमाग उडी टाकली, नवऱ्याला पाठीला हात लावून वर ढकललं आणि स्वतः खाली राहिला. कारकून पुढेच बसला होता. त्याने तिथल्या तिथे शिक्का मारला.

इंदुमतीबाई घराकडे निघाल्या तेव्हा त्यांच्या पावलांमागे वाट ओली होत होती. घरी भालचंद्र चुलीपुढे बसले होते, कोरडे ठणठणीत, गुडघा दुखतोय म्हणून कुरकुरत. त्यांनी स्वतः केलेला चहा बायकोपुढे सरकवला.

"पाठीला तुझे हात लागलेले आठवतात," ते म्हणाले.

बाईंनी घोट घेतला. साखर कमी होती. तरी त्यांनी कप रिकामा केला.

मग भालचंद्र गुडघ्यावर हात टेकून उठले, फडकं घेतलं, आणि दारापासूनची फरशी पुसायला लागले.