मुरलेल्या चटणीचा पहिला नंबर

फळं नासू नयेत म्हणून माणूस त्यांची चटणी करून बाटलीत भरू लागला आणि नातेसंबंधांना खरी बळकटी आली. ताजं फळ कोणी दिलं तर खावं लागतं. बाटली मात्र कपाटात ठेवून तिचं मनसोक्त कौतुक करता येतं.

आमची वहिनी दरवर्षी परसातल्या झाडाच्या आलुबुखारांची चटणी करते. बिया काढायच्या, फोडी आलं, मिरची, व्हिनेगर आणि साखर घालून रटरटू द्यायच्या, डाव फिरवल्यावर पातेल्याचा तळ दिसला की उतरवायचं आणि उकळलेल्या बाटल्यांत गरमागरम भरून झाकणं आवळायची. मग महिनाभर कोणी हात लावायचा नाही. (हा नियम आमचे नातेवाईक फार काटेकोरपणे पाळतात. काही घरांत महिना अजून संपलेला नाही.)

यंदा ऐन हंगामात वहिनीला सणसणीत सर्दी झाली. नाकाला वास नाही, जिभेला चव नाही, अंगात ताप. त्या भरात तिने साखरेऐवजी मिठाचा डबा पातेल्यात रिकामा केला. बाटल्या ठरल्याप्रमाणे घरोघरी गेल्या आणि यथावकाश फोन आले. कोर्टातून निवृत्त झालेले मामा म्हणाले, "बोटं चाटत राहिलो!" शेजारच्या मुख्याध्यापिकाबाई म्हणाल्या, "आमच्याकडे तर केव्हाच फस्त झाली." एकूण अभिप्रायांपैकी शंभर टक्के अनुकूल होते.

गृहिणी मंडळाच्या प्रदर्शनात तर या चटणीला पहिलं बक्षीस मिळालं. रंग, झाकण आणि लेबल यांना गुण होते. (चवीलाही होते, पण फोडलेली बाटली मांडायला बरी दिसत नाही, म्हणून परीक्षकांनी ते एकमताने देऊन टाकले.)

त्या आनंदात वहिनीने घरची एक बाटली फोडली, चमचाभर तोंडात घातली आणि बेसिनकडे धावली.

"अहो, हे मीठ आहे!"

"हो," दादा दुकानातून दुरुस्तीला घरी आणलेल्या घड्याळातून मान वर न करता म्हणाला.

"तुम्हाला ठाऊक होतं?"

"एक बाटली संपवली की मी. दुकानात, डब्याबरोबर."

तो हल्ली घटाघटा पाणी पितो म्हणून वहिनी त्याला डॉक्टरकडे नेणार होती.

"मग बोलला का नाहीत?"

"तू तापाने फणफणत पातेल्याशी उभी होतीस. म्हटलं, खाऊन टाकू."

वहिनीने त्याच्यासमोर पाण्याचा तांब्या ठेवला, पिशवीत एक चमचा आणि शिल्लक बाटल्या टाकल्या, कोपऱ्यावरून गरम पाव घेतले आणि ऐन जेवणाच्या वेळी मामांकडे पोचली.

"मामा, बाटली काढा. म्हटलं, आज सोबत खाऊ."

बोटं चाटून झालेल्या त्या बाटलीचं झाकण आयुष्यात पहिल्यांदाच टक् करून उघडलं. मामांनी घास घेतला. डोळ्यांतून पाणी आलं.

"कशी झालीये?"

"मागच्यापेक्षा... मुरलीये."

"मग घ्या की अजून," म्हणत वहिनीने पावावर आणखी दोन चमचे थापले. मामांनी तेही खाल्ले. मोठ्या माणसाला शब्द फिरवता येत नाही.

मुख्याध्यापिकाबाई हसून म्हणाल्या, "आमची संपली हो!"

"म्हणूनच दुसरी आणलीये," वहिनी म्हणाली. बाईंनी ती उभ्याउभ्याच खाल्ली आणि कृती मागितली.

मंडळाच्या अध्यक्षीणबाईंनी घास गिळून, श्वास परत आल्यावर, वहिनीला पुढच्या वर्षी परीक्षक म्हणून बोलावलं.

खरं कोणीही बोललं नाही, ही आमच्या संस्कारांची मोठीच मिळकत. कोणीच खरं बोलणार नाही यावर वहिनीचा मात्र विश्वास बसेना, म्हणून तिने उरलेली घरंही करायचं ठरवलं.

तर मंडळी, तुमच्या कपाटात वरच्या फळीवर, मागे, कोणीतरी प्रेमाने दिलेली एक बाटली आहे. फोनवर तुम्ही "अप्रतिम" म्हणाला होतात. पाणी भरून ठेवा. वहिनी पाव घेऊन निघाली आहे.