ओव्हनमधले बटाटे आणि गच्चीवरचा कावळा

ओव्हनमध्ये कुरकुरीत फ्रेंच फ्राइज करणं ही अतिशय सोपी गोष्ट आहे. मी मोरिवलीच्या एका कारखान्यात अठरा वर्षं क्वालिटी कंट्रोलला आहे. ज्याच्या हाताखालून वर्षाला चार लाख बोल्ट पास होतात, त्याला चार बटाटे काय जड? हे मी त्या दिवशी माझ्या बायकोला, माधवीला, ऐकवलं. आणि आईला म्हणालो, "तू फक्त बसून राहा. अर्ध्या तासात कावळा शिवतो की नाही बघ."

त्या दिवशी आप्पांचं, म्हणजे माझ्या वडिलांचं, वर्षश्राद्ध होतं.

आम्ही बदलापूरच्या खरवईत राहतो, बाराव्या मजल्यावर. आमच्या डोक्यावर थेट गच्ची. बिल्डिंग नवी, निम्मे फ्लॅट अजून रिकामे. दुपारी वारा सुटला की त्या रिकाम्या फ्लॅटांतून असा आवाज येतो, जसं कोणीतरी बाटलीच्या तोंडावर फुंकर मारतंय. एरवी आम्हाला त्याची सवय आहे. त्या दिवशी अमावस्या होती, त्यामुळे सवय जरा कमी पडली.

गुरुजी विधी उरकून गेले. साडेअकराला गच्चीवर पान ठेवलं. भात, वरण, खीर, वडे, गवार, भोपळा, सगळं काही. "कावळाच येत नाही" अशी तक्रार लोक करतात. आमच्याकडे कावळा आला होता आणि तीच पंचाईत होती. एकच कावळा. पाण्याच्या टाकीवर बसून तो पानाकडे नाही, आमच्याकडे बघत होता. ओरडत नव्हता, पंख झटकत नव्हता. मान एका बाजूला कलती. आप्पांना उजव्या कानाने कमी ऐकू यायचं, म्हणून तेही डावा कान पुढे करून अशीच मान कलती ठेवायचे. हे आम्हा तिघांच्याही लक्षात आलं.

बारा वाजले, साडेबारा वाजले. कावळा शिवत नाही म्हणजे माणसाची काहीतरी इच्छा राहिलीय, हे आमच्या घरात शेंबडं पोरही सांगेल. मी हात जोडले. "आप्पा, आईला नीट सांभाळीन." कावळा ढिम्म. "तुमची सायकल भंगारात देणार नाही." ढिम्म. "उद्यापासून रोज सकाळी चालायला जाईन." त्यावर कावळ्याने डोळे मिटून घेतले.

"त्यालाही पटलं नाही," माधवी म्हणाली.

तेवढ्यात आई मटकन टाकीच्या पायरीवर बसली आणि रडायला लागली. "मला माहितीये त्यांना काय हवंय," ती म्हणाली. "गेले त्या दिवशी सकाळी म्हणाले, इंदू, थोडे बटाटे तळून दे ना, लांब लांब कापून. दोन वर्षं त्यांना तळलेलं दिलं नव्हतं मी, डॉक्टरांनी बंद केलं होतं ना. म्हटलं, आज नको, उद्या देते. आणि दुपारीच गेले. उपाशी नवरा घालवला रे मी."

आईने हे वर्षभर कोणाला सांगितलं नव्हतं. मी तिच्या पाठीवर हात ठेवला, तर पाठ थरथरत होती. ते नुसतं रडणं नव्हतं. आईला शुगर आहे. सकाळची गोळी पोटात गेलेली आणि त्यानंतर अन्नाचा कण नाही. माधवीने पाणी पुढे केलं, साखर पुढे केली. आईने तोंड फिरवलं.

"ते शिवल्याशिवाय मी पाण्याचा घोटही घेणार नाही."

माधवी मला बाजूला घेऊन हळू आवाजात म्हणाली, "अहो, एक वाजलाय. आई पडतील इथे. मी पाच मिनिटांत बटाटे तळून आणते."

"तळू नकोस," आई मागून म्हणाली. "तेलातलं त्यांना चालत नाही."

"आई, आता त्यांना काय होणार आहे?"

"तरी नको. दोन वर्षं पथ्य पाळलंय त्यांनी."

ह्यावर वाद घालण्यात अर्थ नव्हता. तेव्हा मला ओव्हन आठवला. आजारपणात आप्पांनी उल्हासनगरच्या बाजारातून एक ओव्हन आणला होता. बिनतेलाचे बटाटे होतात म्हणून. आईने तो खोक्यातून बाहेरही काढू दिला नाही. आज तेल नाही म्हणतील, उद्या चमचाभर म्हणतील, असा तिचा हिशोब. तेव्हापासून खोका आप्पांच्या पलंगाखाली होता. मी छाती पुढे काढून वर लिहिलेली फुशारकी मारली आणि आईला आधार देऊन खाली आणलं.

खोका ओढून काढला आणि तिथेच थबकलो. खोक्यावरची चिकटपट्टी कंपनीची नव्हती. साधी खाकी पट्टी होती आणि तिचं टोक आतल्या बाजूला दुमडलेलं होतं. पट्टीचं टोक पुढच्या वेळी नखाने शोधावं लागू नये म्हणून ते दुमडून ठेवणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिलाय. त्याचा फोटो हार घालून समोरच्या भिंतीवर होता.

ओव्हन उघडला. आत ट्रेवर एक बोटभर लांब, काळी, वाळलेली काडी पडली होती. बटाट्याची.

"हा नवीन होता ना?" माधवीने विचारलं.

"कंपनी टेस्टिंग करूनच पाठवते," मी म्हणालो. अठरा वर्षांच्या अनुभवावरून सांगतो, कुठलीही कंपनी बटाटा घालून टेस्टिंग करत नाही.

मी कामाला लागलो. बटाटे सोलले, दहा मिलिमीटरला दहा मिलिमीटर कापले, व्हर्नियर कॅलिपर लावून तपासले. नऊ मिलिमीटरचे रिजेक्ट केले. अर्धा तास थंड पाण्यात ठेवायचे असतात, पण आईकडे बघून मी ते तीन मिनिटांवर आणलं. पुसायला कोरडं फडकं सापडेना, म्हणून ओलेच ट्रेवर पसरले. मीठ, मिरपूड, चमचाभर तेल. तेल आईपासून लपवून. टायमरचा खटका पंचवीस मिनिटांवर फिरवला.

टिकटिक सुरू झाली. आई पलंगावर भिंतीला टेकून बसली होती, डोळे मिटून. माधवी तिचे तळवे चोळत होती. मी स्वयंपाकघरात ओव्हनच्या काचेतून आत बघत होतो आणि मला वाटायला लागलं की माझ्याबरोबर आणखी कोणीतरी बघतंय. मान वळवली. खिडकीच्या ग्रिलवर कावळा बसला होता. तोच. मान कलती करून तो ओव्हनमध्ये बघत होता. मी "हाड" म्हणायला तोंड उघडलं आणि मिटलं. वडिलांना हाड कसं म्हणणार?

मग वास आला. ओव्याचा. मी ओवा घातला नव्हता. आमच्या घरात वर्षभर ओवा आणलेला नव्हता, कारण ओवा फक्त आप्पांना लागायचा. वास वाढत गेला, पॅसेजमधून पलंगापर्यंत पोचला. आईने डोळे उघडले.

"आले," ती म्हणाली.

आणि लाइट गेली.

तो शुक्रवार होता, आणि शुक्रवारी दुरुस्तीसाठी लाइट जाते, हे बदलापुरात जन्मलेलं बाळही जाणतं. पण ते मला पाच मिनिटांनी आठवलं. त्या क्षणी एवढंच दिसलं की पंखा थांबला, फ्रिज थांबला, ओव्हनमधला लाल उजेड विझत विझत गेला आणि टिकटिक मात्र चालूच राहिली. सगळ्या घरात तेवढाच आवाज. टिक, टिक, टिक. मी प्लग बघितला, बटण बघितलं, मग प्लग उपसून काढला. टिकटिक चालूच. रिकाम्या फ्लॅटांतला वारा हुंकारत होता. ग्रिलवर कावळा पाय बदलत होता. माधवी दारात येऊन उभी राहिली आणि लग्नाला पंधरा वर्षं झाल्यावर प्रथमच माझा हात धरून म्हणाली, "अहो, रामाचं नाव घ्या."

तेवढ्यात टिंग अशी घंटा वाजली आणि त्याच क्षणी दारावर थाप पडली.

मी ओरडलो. खोटं कशाला सांगू, चांगला मोठ्याने ओरडलो. दार माधवीनेच उघडलं. बाहेर शेजारच्या गोजरबाई उभ्या होत्या. चेहरा पांढराफटक, पदर तोंडाला लावलेला. त्या मुलाकडे राहतात, वय आईएवढंच. तशा पाल हाताने पकडून बाहेर टाकणाऱ्या बाई, पण आज उंबरा ओलांडायला तयार नव्हत्या.

"आप्पा आल्यात व्हय?" त्यांनी विचारलं.

"का हो?"

"वास आला. सोमवारचा वास. लाईट न्हाय, काय न्हाय, आन् भाजतंय कोन?"

"सोमवारचा वास म्हणजे?" आतून आईचा आवाज आला. ती भिंतीला धरून उभी राहिली होती.

गोजरबाईंनी फोटोकडे बघून हात जोडले. "आप्पा, माफ करा, आज सांगून टाकते. वहिनी, तुमी सोमवारी अंबरनाथला देवळात जायच्या ना? ही दोघं कामावर असायची. तुमी लिफ्टमदी शिरल्या की आप्पा हे मशीन काढायचे. बटाटे कापायचे, वरनं ओवा टाकायचे. खिडक्या उघडून वास घालवायचे. एक वाटी माझ्याकडं यायची, कुनाला बोलू नका म्हनून. तुमी यायच्या आत पुसून परत खोक्यात. मी शपथ घेतली हुती, म्हनून गप बसले."

जुना ओवा ओव्हनच्या तळाशी जळत होता, हे आता माझ्या डोक्यात शिरलं. टायमर स्प्रिंगचा असतो आणि त्याला वीज लागत नाही, हे मात्र मला रात्री माहितीपुस्तक वाचताना कळलं.

"किती सोमवार?" आईने विचारलं.

"सगळे. गेले त्याच्या आदल्या सोमवारपातुर."

"पोटभर खायचे?"

"वहिनी, परातभर."

आईचा चेहरा बदलत गेला. आधी तिचे डोळे भरले, मग तोंड उघडं पडलं, आणि मग तिच्या कपाळावर ती आठी आली जी मी वर्षभरात पाहिली नव्हती. तिने मला बाजूला सारलं, ट्रेमधले बटाटे वाटीत ओतले आणि पदर खोचून जिन्याकडे निघाली. मी धरायला गेलो तर माझा हात झटकला. आम्ही तिघं मागोमाग धावलो.

कावळा आमच्या आधी टाकीवर पोचला होता. आईने वाटी पानाशेजारी आपटली आणि कंबरेवर हात ठेवले.

"मी सोमवारी उपाशीपोटी महादेवापुढे तुमच्या हृदयासाठी नाक घासत होते, आणि तुम्ही इथे शेजारणीला वाट्या वाटत होतात? वर्षभर रडतेय मी. एक घास दिला नाही म्हणून रोज रात्री उशी भिजवतेय. शरम नाही वाटत? दोन तास झाले हात जोडतेय. आता येताय का गिळायला, की उचलू पान?"

कावळा खाली आला. उडाला म्हणवत नाही. घाईघाईने आला, पानाच्या कडेला बसला आणि खाली मान घालून भात खायला लागला.

गोजरबाई "आगं माय" म्हणून खालीच बसल्या. माझ्या अंगावर काटा आला, तो आज हे लिहितानाही येतोय. आई मात्र डोळे पुसत हसत होती.

"सेहेचाळीस वर्षं हेच," ती म्हणाली. "गोड बोलून बोलावलं तर ऐकू यायचं नाही. ओरडलं की लगेच पाटावर."

कावळ्याने वडा संपवला, खिरीत चोच बुडवली, मग वाटीतला माझा एक फ्राय उचलला. तो मधोमध वाकला आणि लोंबायला लागला. कावळ्याने तो खाली ठेवला आणि चोच कठड्याला पुसली.

"माधवी, ताट वाढ गं," आई म्हणाली. तिने वाटीतला एक बटाटा तोंडात टाकला, बराच वेळ चघळला आणि माझ्याकडे बघितलं. "कैलास, ते पोटभर खाऊन गेले तेच बरं झालं. ह्या तुझ्या बटाट्यांत जीव अडकला असता, तर त्यांना कधी मुक्तीच मिळाली नसती."