देवाजीभाऊच्या मुक्या बातम्या

आमच्या वरठीत रोज संध्याकाळी सातला बातम्या लागतात आणि त्यांना आवाज नसतो. वाचणारा आमचा केबलवाला, देवाजीभाऊ. वर कोट-टाय, खाली लुंगी, आणि लुंगी दिसावी म्हणून हा गडी मुद्दाम टेबलाच्या पुढे बसतो. ओठ हलवतो, हातवारे करतो, मध्येच वांगी चिरतो. मग 'व्यत्यय' अशी पाटी येते. पाटीमागून तोच डोकावतो, नमस्कार करतो आणि पुन्हा दडतो. याला तो कार्यक्रम म्हणतो.

हवामानही असतं. नकाशा त्याच्या अंगणाचा. कोंबडी कुठून कुठे सरकली, ते छडीनं दाखवतो. बरं, दुसरं काही पाहावं, तर अर्धा तास सगळ्या चॅनेलवर हाच. माणूस प्लांटची पाळी करून घरी येतो तो काय हे पाहायला?

"आवाज काहून नाही देत बे?" मी एकदा चौकात विचारलं.

"आवाज तं सारेच देऊन राहिले, भाऊ. माह्या इथं पाहाचं."

'पाहाचं' हे त्याचं पालुपद. भंडाऱ्यापासून गोंदिया जिल्हा वेगळा झाला. याचं डोकं त्याच्याही आधी वेगळं झालं असावं. लोक केबल तोडून डिशच्या छत्र्या लावू लागले, धंदा बसायला आला, तरी हट्ट सुटेना.

परवा मॅचचं शेवटचं षटक चालू होतं आणि सात वाजले. माझी सटकली. कनेक्शन काढूनच टाकतो म्हणून त्याच्या घरी गेलो. तो मागच्या खोलीत कॅमेऱ्यापुढे होता. पुढच्या खोलीत टीव्हीसमोर त्याची बायको, सिंधूवहिनी. मेंदूज्वरात तिचे कान गेले, तेव्हापासून ती कोणाकडे जात नव्हती. लोक ओरडून दमायचे आणि तिला सोडून आपसात बोलायचे.

त्या संध्याकाळी तिच्याभोवती गल्लीतल्या साऱ्या बाया बसल्या होत्या. ओठांवरून बोलणं ओळखणारी तिथं ती एकटीच. बाया तिचा हात हलवून खुणेनं विचारत होत्या आणि ती सांगत होती, "हे म्हणते, कोंबडीनं राजीनामा देल्ला."

बाया हसून लोळत होत्या. वहिनी त्यांच्या आधी हसत होती.

येडा माणूस. एका बाईसाठी त्यानं अख्खी वरठी बहिरी करून ठेवली.

मी दारातच उभा राहिलो. वहिनीनं पाहिलं, तशी मी हातानंच विचारलं, आता काय म्हणाला?

"बसा म्हणते, भाऊ. हवामान बाकी हाये."

मी चपला काढल्या.