डोरीनचा आवाज

"डोरीन, हळू बोल गं! तुझ्या आवाजानं केक खाली बसेल!" स्वयंपाकघरात तिच्यासोबत राबणारी व्हर्ना म्हणाली.

डोरीन हॅलचुकचा नवरा वासिल ठार बहिरा. चाळीस वर्षं त्याच्याशी बोलता बोलता तिचा आवाज गव्हाच्या शेताच्या पार टोकाला पोचू लागला. वासिल गेला, आवाज राहिला. चौऱ्याहत्तराव्या वर्षी चर्चच्या गायकांनी तिला "आता विश्रांती घ्या" म्हटलं, ग्रंथालयानं दारापर्यंत सोबत केली. माणसांत बसायला एकच जागा उरली, आमच्या गावच्या कर्लिंग क्लबचं, म्हणजे बर्फावर दगडी गोटे सरकवायच्या खेळाच्या क्लबचं, स्वयंपाकघर. तिथेही अध्यक्ष लॉइडनं बजावलं होतं, "आज अंतिम सामना आहे. आवाज बाहेर आला तर उद्यापासून येऊ नकोस."

तो शनिवार मला लख्ख आठवतो. शेवटचा दगडी गोटा पाहुण्यांचा. बर्फावर आखलेल्या वर्तुळाच्या मध्याकडे तो अलगद निघाला होता; तिथं थांबला की चषक त्यांचा. गोट्यापुढे बर्फ झाडला की तो लांब जातो, म्हणून कप्तानाच्या हुकुमाशिवाय कुणी झाडू टेकवत नाही. पाहुण्यांची कप्तान रूबी, वय ऐंशी, हातानंच "थांबा" खुणावत होती. नेमका तेव्हाच स्वयंपाकघरात व्हर्नाच्या हातून साखरेचा डबा सुटला.

"झाडू मार!" स्वयंपाकघराच्या खिडकीतून डोरीनचा आवाज घुमला. "जोरात! अजून जोरात!"

पाहुण्यांचे दोन्ही गडी जीव खाऊन झाडू लागले. गोटा मध्य ओलांडून मागच्या फळीवर आदळला.

बाहेरच्या आवाजानं खेळ बिघडला म्हणून लॉइडनं गोटा पुन्हा टाकायला लावला; या खेपेला तो मध्यावर थांबला आणि चषक पाहुण्यांकडे गेला. मग तो तडक स्वयंपाकघरात आला. "एप्रन काढ."

"अरे, साखर सांडली होती रे!"

"काढ म्हणतो ना!"

डोरीननं एप्रनची गाठ सोडली. एवढ्यात रूबी आत आली. तिचा घसा पार बसला होता.

"माझी माणसं माझ्या शब्दाला इतकी कधी धावली नाहीत," ती घोगऱ्या आवाजात म्हणाली. "मी आता थकले. ही बाई आम्हाला द्या, कप्तान म्हणून."

"मी? अहो, मला खेळता कुठं येतं?"

"खेळ शिकवीन मी. असा आवाज कुठून आणू?"

लॉइड घाईनं दारात आडवा झाला. "अशी कशी न्याल? ती आमची आहे!" मग खाली बघत पुटपुटला, "सोमवारपासून... कप्तान... आमच्याकडे."

डोरीननं कानामागे हात धरला.

"काय म्हणालास, लॉइड? जरा मोठ्यानं बोल की!"