गणूतात्या आणि हिर्डोशीचा साकव

गणूतात्या सुतारांना कुणी साधा पाट करायला सांगितला, तरी ते आधी बसणाऱ्याला समोर जमिनीवर बसवायचे. उठताना हात टेकता का, गुडघा दुखतो का, सगळं विचारून झालं की मग रंधा हातात. एकदा पाळणा करताना त्यांनी एका बाईला विचारलं, झोका कोणत्या हातानं देणार? बाळ जन्मायला अजून चार महिने होते.

मी तेव्हा, संस्थानच्या काळात, भोरच्या एका कंत्राटदाराकडं नकाशे काढायचो. हिर्डोशीच्या ओढ्यावर लाकडी साकव बांधायचा ठरला. मी एका दुपारी टेबलाशी बसून नकाशा पुरा केला. ओढा पाहिलासुद्धा नाही.

काम तात्यांकडं आलं. नकाशा बघून ते म्हणाले, "ह्येच्यावरनं कोन जानार?"

"माणसं. आणखी कोण?"

"धनगरवाड्याला इचारलं का?"

"साकव मेंढरांना विचारून बांधायचा का, तात्या?" गडी हसले. तात्या हसले नाहीत. ते धनगरवाड्यावर दोन दिवस राहून आले.

"फळ्या लगत ठोकू, रावसाहेब. फटीतनं पानी दिसलं तर मेंढरू पाय टाकत न्हाई."

"नकाशात आहे तसंच करा," मी म्हणालो. फळ्या कमी लागल्या म्हणून मालक माझ्यावर खूश होते.

पावसाळ्यात मेंढरं साकवाच्या तोंडाशीच अडली. मागून रेटली तशी बिथरून ओढ्यात उतरली. अकरा वाहून गेली.

मालक बघायला आले. मेंढरांची धनगरीण खडकावर बसून होती.

"एवढ्या फटी ठेवायला कुणी सांगितलं?" मालकांनी विचारलं.

नकाशा माझ्या खिशात होता. मी खाली बघत राहिलो.

"म्याच ठेवल्या," तात्या म्हणाले. मालकांनी त्यांना तिथंच कामावरून काढलं.

परतताना मी त्यांना वाटेत गाठलं. "तात्या, असं का केलंत?"

"तुमच्या घरात लेकरं हाईत. आमची कारभारीन गेल्यापास्नं चूल माज्यापुरतीच पेटती. माजं कोन उपाशी ऱ्हानार?"

मी मान हलवली.

दुसऱ्या दिवशी तात्या स्वतःच्या फळ्या डोक्यावर घेऊन साकवाच्या फटी बुजवायला गेले, असं गड्यांकडून कळलं. मालक माझ्या शेजारच्याच खोलीत बसले होते. मी उठलो नाही.