बोरकुटे काकांचा इंचीलाडा

आजवर मी हे कुणाला सांगितलेलं नाही, बायकोलाही नाही. बोरकुटे काकांनी आपल्या मुलीसाठी केलेल्या सॉसच्या सहा बरण्या गेल्या दोन वर्षांत माझ्या हाती नागपूरला निघाल्या, आणि एकही तिच्यापर्यंत पोचली नाही. दर वेळी परत येऊन मी काकांना सांगितलं, "शुभांगीला आवडला." शुभांगीशी मी आयुष्यात एक शब्द बोललेलो नाही.

काका कोण ते आधी सांगतो, म्हणजे माझा गुन्हा केवढा ते कळेल.

रायपूरच्या गुढियारीत आमच्या भिंतीला भिंत लागून त्यांचं घर. काकू जाऊन बरीच वर्षं झाली, एकटेच राहतात. सगळी नोकरी रेल्वेत, पटरीच्या देखभालीवर. दोन रुळांमधलं अंतर बरोबर आहे की नाही ते मोजायचं. निवृत्तीनंतर रूळ सुटले, मोजणं सुटलं नाही. शर्टाच्या खिशात लोक पेन ठेवतात, काका सहा इंची स्टीलची पट्टी ठेवतात. भेंडी घेताना ती बाहेर येते. चार इंचांच्या वरची भेंडी निबर, हा त्यांचा नियम. काकडीचा वाक मोजायला लागले तेव्हा भाजीवाली ओरडली होती, "कक्का, ककड़ी हे, पटरी नोहे!" माझ्या लग्नाच्या वाढदिवसाला घरी आले, शुभेच्छा दिल्या, आणि माझ्या मिशीला पट्टी लावून म्हणाले, "मनोहर, डावीकडे एक सूत जास्त आहे." सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग. तेव्हापासून दाढी करताना मी डावी बाजू दोनदा बघतो.

दोन वर्षांपूर्वी एका सकाळी ते फोन घेऊन आले. नागपूरला असलेल्या मुलीचं स्टेटस त्यांना दिसत होतं. तेवढंच दिसत होतं. फोन ती उचलत नसे. स्टेटसवर एका ताटलीचा फोटो, लाल रस्सा घातलेल्या गुंडाळ्या, आणि खाली इंग्रजीत दोन शब्द.

"हे काय आहे बे?"

मी वाचलं. "एन्चिलाडा. मेक्सिकोकडचा पदार्थ. मक्याच्या पोळीत सारण भरतात, वरून लाल सॉस."

काकांनी फोन डोळ्याजवळ नेला. "एन्चि नाही. इंची. इंचीलाडा. पोट्टीनं आय लिहाच्या जागी ई लिवला. इंग्रजी कच्चंच राहिलं तिचं." मग बराच वेळ फोटोकडे बघत राहिले. "तिच्या आवडीचं आहे म्हणते ना खाली?"

"हो. आवडता, असं लिहिलंय."

"मंग करू. नावातच इंच आहे, कायले नाही जमणार?"

मी फोनवर कृती शोधून दिली. अगदी साधी. तेलात मैदा भाजायचा, त्यात तिखट, जिरेपूड, लसूण, ओरेगॅनो. मग टमाट्याचा रस आणि भाज्या उकळलेलं पाणी ओतून घोटत राहायचं, दाटलं की थोडा व्हिनेगर. अर्ध्या तासाचं काम. काकांना तीन आठवडे लागले.

पहिली अडचण कपाची. कृतीत लिहिलं होतं, दोन कप पाणी.

"कप कोनाचा?" काका म्हणाले. "तुह्या घरचा की माह्या घरचा? चमचा कोनाचा? इंच सगळ्याइचा सारखा असते."

म्हणून त्यांनी गंज ठरवला. गंज म्हणजे आमच्याकडचं उभं पातेलं. उगाच लोखंडाचा गंज समजू नका. त्यात उभी धरायला बांबूची एक कांडी, तिच्यावर ब्लेडनं खाचा: तेल इथवर, टमाटा इथवर, पाणी इथवर. तिखट पेल्यात घालायचं, वरून सपाट करायचं आणि पट्टी बुडवायची. पाऊण इंच. तिखट भिवापुरी मिरचीचंच. मिरच्या गच्चीवर मलमलीखाली वाळत, कारण उरल्याच्या कारखान्यांकडून वारा आला की लाल मिरची संध्याकाळी काळी होते. मलमल मिरच्यांपासून किती उंच बांधायची, हे सांगायची गरज नाही. मोजलं होतं.

ओरेगॅनोचा प्रश्न माझ्या मुलीनं सोडवला. पिझ्झ्याबरोबर पुड्या फुकट येतात. मग साऱ्या पाऱ्यात, म्हणजे मोहल्ल्यात, निरोप गेला आणि दर रविवारी चिल्लीपिल्ली काकांच्या दारात. "दादाजी, ये लो आपका औरंगाबाद." काका पुड्या घेत, रांगेत लावत आणि प्रत्येकाला बदल्यात एक चिक्की देत. चिक्क्या सारख्या मापाच्या.

मैदा भाजताना त्यांनी मला हाक मारली. "पाय, हे तं आपल्या झुनक्याचं चुलत भावंड निघालं! मेक्सिकोवाले आपलेच आहेत, फक्त बेसन नाही भेटलं त्याइले."

मला ऑफिसच्या कामानं दर दोन-चार महिन्यांनी नागपूरला जावं लागतं. काकांनी बरणी हातात दिली तेव्हा मे महिना होता. सॉस दोन दिवस मुरवलेला, आणि बरणी काठोकाठ. "एक सूत बी जागा नाही ठेवली," ते अभिमानानं म्हणाले.

डोंगरगड सुटलं आणि वरच्या रॅकवर बंदुकीसारखा आवाज झाला. झाकण उडालं होतं. समोरच्या बर्थवर पांढऱ्या सफारीतले एक गृहस्थ झोपले होते, ते छातीपासून गुडघ्यापर्यंत लाल. कुणीतरी किंचाळलं, "खून! खून हो गया!" गृहस्थ जागे झाले, स्वतःकडे पाहिलं आणि पुन्हा आडवे झाले, या वेळी बेशुद्ध. डब्यात धावाधाव. कुणी साखळी शोधतंय, कुणी माझा हात धरून ठेवलाय. शेवटी खिडकीजवळच्या एका म्हाताऱ्या बाईंनी गृहस्थांच्या खिशावरून एक बोट फिरवलं, चाटलं, आणि म्हणाल्या, "चटनी हे गा. बढ़िया हे."

या सॉसवर आजवर मिळालेला तो एकमेव खरा अभिप्राय.

रिकामी बरणी मी गोंदियाला टाकली. शुभांगीच्या घरी गेलो नाही. रिकाम्या हातानं दारात उभं राहून, बाई, तुमच्या वडिलांचा सॉस एका सफारीवर सांडला, हे सांगायला वेगळा माणूस लागतो. मी लहानपणापासून कमी बोलणारा. लोक त्याला स्वभाव म्हणतात. मी त्याला आता भित्रेपणा म्हणतो.

परत आलो तर काका फाटकात उभे.

"देल्ली?"

"दिली."

"चाखली तिनं?"

"चाखली. बढिया आहे म्हणाली."

हे निदान कुणीतरी म्हटलं होतं. इथं थांबलो असतो तर निभावलं असतं. पण काका माझ्या तोंडाकडे बघत राहिले. "अजून? काही तं म्हटलं असन?" आमच्या ऑफिसात शेऱ्याशिवाय फाईल पुढे जात नाही, नुसतं बरोबर आहे म्हटलं तर कुणी विश्वास ठेवत नाही. म्हणून मी म्हणालो, "बरणी इतकी गच्च भरू नका म्हणाली. इंचभर जागा ठेवा."

काकांचा चेहरा बघायला हवा होता. "इंचभर म्हणे? इंच म्हणाली ती?"

"हो."

"माहीच पोट्टी आहे!" आणि आत जाऊन त्यांनी दुसरी बरणी धुवायला काढली.

दुसऱ्या खेपेला बरणी शाबूत पोचली आणि मीही तिच्या फाटकापर्यंत पोचलो. आतून हसण्याचा आवाज येत होता. घंटीवर बोट ठेवलं आणि वाटलं, ही म्हणाली, 'परत न्या,' तर? खोटा होकार मी आधीच पोचवलेला. त्यावर खरा नकार घेऊन रायपूरला कसा जाऊ? बोट काढलं. ती बरणी गेस्ट हाऊसच्या खानसाम्याला दिली, त्यानं समोशांबरोबर वाढली. तिसरी, चौथी आणि सहावी एकेका साहेबांना. पाचवी मी स्वतः खोलीत बसून पावाबरोबर संपवली. उत्कृष्ट होती, त्यामुळे जास्तच वाईट वाटलं.

आणि दर वेळी शेरा. आंबट जरा कमी. जिरं जास्त झालं. दाटपणा हवा. काका कांडीवरची जुनी खाच मेणानं बुजवत आणि नवी कोरत. "पोट्टीले समजते," म्हणत. माझ्या तोंडून निघालेल्या वाटेल त्या वाक्यांवर तो सॉस सुधारत सुधारत असा झाला, की आता माझी बायको पोह्यावरसुद्धा तोच मागते.

परवा सकाळी काका गच्चीवर मिरच्या फिरवत होते. मी वर गेलो. सातवी बरणी कठड्यावर तयार होती. वर इंचभर मोकळी.

"मंगळवारी चालला ना तू?"

"हो, काका."

"एक काम करशीन? तिले विचार, मी येऊ का म्हणून. तिच्या घरीच बनवून देतो. ताजा खाईन ती."

मी बरणीचं झाकण तपासलं. ते मिरच्या उलटत राहिले.

"शाळेत जात होती ना, तं रोज सकाळी मी तिचा फ्रॉक मोजत होतो. गुडघ्याच्या खाली दोन इंच. कमी भरला का परत घरात. हीच पट्टी." त्यांनी खिशाला हात लावला. "लग्न तिनं आपल्या मनानं केलं, मी गेलो नाही. त्याच्या आधी एकच बोलली मले. म्हने, बाबा, तुमी मले मोजलंच नुसतं."

खाली रस्त्यावरून ट्रक गेला. काकांनी मलमल नीट केली.

"त्या नावात इंचाच्या पुढे अजून एक शब्द आहे बे मनोहर. इंचापुरतं तं मले येते. लाडाचं तिलेच विचारा लागन." मग एकदम वैतागले. "हव म्हन ना! काहून तोंड शिवून उभा आहेस?"

"विचारतो," मी म्हणालो.

त्यांनी खिशातली पट्टी काढली आणि माझ्या हातात दिली. "हे तुह्यापाशी ठेव. नेली तं तिथं बी काढीन मी. सवय आहे." दोन पायऱ्या उतरून पुन्हा मागे वळले. "ते इंचभर रिकामं ठेवाचं तिनं सांगतलं, ते बेस झालं पाय. मले वाटत होतं, गच्च भरलं का झालं."

पट्टी माझ्या टेबलावर आहे, बरणी तिच्या शेजारी. काकांचा खिसा दोन दिवसांपासून सपाट दिसतो, आणि भाजीवालीनं कालच मला विचारलं, कक्काची तब्येत बरी आहे ना.

उद्या मंगळवार. काकांनी विचारलेल्या प्रश्नाचं खरं उत्तर मला त्यांना आणून द्यायचं आहे, ते 'नाही' असलं तरी. जी वाक्यं तिची म्हणून मी त्यांना दिली ती माझी होती, हेही सांगायचं आहे, इंचाचंसुद्धा. आणि शुभांगीचं मी सहा बरण्यांचं देणं लागतो.