पातेल्यातले फोन

आलेम्लाच्या घरी चपला दाराबाहेर काढायच्या आणि फोन भाताच्या पातेल्यात टाकायचा. वर झाकण. झाकणावर वरवंटा. जर्मनीत, आखनमध्ये हिला वरवंटा कुठे मिळाला, देव जाणे.

"आधी फोन, मग चहा," हे तिचं स्वागत. ती माझ्या ऑफिसात आहे, नागालँडची, आओ जमातीची. आमचं बोलणं हिंदीत, मधूनच तिचं ठसक्यात जर्मन "गेनाऊ!", म्हणजे अगदी बरोबर! एकदा बॉसने सगळ्यांचा सेल्फी घ्यायला फोन उचलला, तर हिने हातातला केक त्याच्या कॅमेऱ्यावर दाबला. सॉरी वगैरे काही नाही. "त्याने विचारलं होतं का?"

तिच्या आजीच्या काळी गावातल्या लग्नाच्या वयाच्या मुली एखाद्या विधवा म्हातारीकडे झोपायला जायच्या. मुलगे तिथे चुलीपाशी गप्पा मारायला यायचे. म्हातारी कोपऱ्यात घोरायची. "झोपलेली नसायचीच! सगळं ऐकायची. पण सकाळी विचारा, मी बाई झोपले होते! याला म्हणतात प्रायव्हसी."

आता आखनमधली ती म्हातारी म्हणजे आलेम्लाच, वय चौतीस. मी पुण्याची, सिद्धार्थ नागपूरचा, जात वेगळी. घरी कळतं तर आईने आकाशपाताळ एक केलं असतं. म्हणून आम्ही रविवारी हिच्या स्वयंपाकघरात बसून भांडायचो आणि ही ओट्याशी डोळे मिटून घोरायची. हॅनोव्हरच्या माझ्या मामीने कुठूनसा तिचा नंबर मिळवला. "अहो, आमची मुग्धा आहे का तिथे? कुणाबरोबर आहे?"

"मी झोपलेय," म्हणून आलेम्लाने फोन ठेवला. भर दुपारी.

"अगं, फोनचं एवढं कशाला?" मी म्हटलं, तेव्हा ती बोलली. गावी एका मुलाशी तिचं जुळलं होतं. चुलतभावाने त्यांच्या चॅटचे स्क्रीनशॉट अख्ख्या कुळाच्या ग्रुपवर टाकले. काकांनी ते अंगणात मोठ्याने वाचले. मुलगा चक्क उलटला. आईने बोलणंच टाकलं.

"लाज त्यांना वाटायला हवी. मी ग्रुप सोडला नाही. का सोडू? बसू देत माझं नाव बघत!" पण तिथे तिने पुन्हा एक अक्षर लिहिलं नव्हतं, आणि आईचा फोन कधी आला नव्हता.

पुढे माझ्या आईला सिद्धार्थबद्दल मीच सांगितलं. आकाशपाताळ एक झालंच, पण गेल्या महिन्यात आमचं स्टांडेसाम्टमध्ये, म्हणजे तिथल्या नोंदणी कचेरीत, लग्नही झालं. साक्षीदार आलेम्ला, अंगावर गावची लाल शाल. बाहेर पायऱ्यांवर तिने स्वतःचा फोन माझ्या हातात कोंबला.

"काढ फोटो. मान वर आहे ना?"

तो फोटो तिने तिथल्या तिथे कुळाच्या ग्रुपवर टाकला. "आता बोंबला म्हणावं."

मग तिच्याकडे जेवायला गेलो. आमचे फोन सवयीने पातेल्यात गेले. तिचा मात्र ताटाशेजारी उघडा. ग्रुपवर कुणी काही लिहीना. ती भात नुसता चिवडत बसली. मला त्या सगळ्या कुळाचा असा राग आला!

तेवढ्यात फोन वाजला. तिने वाचलं आणि हात थांबला.

"कोण गं?"

"आई. बारीक झालीस म्हणते."

तिने ताट माझ्यापुढे सरकवलं.

"बघतेस काय? भात वाढ," ती खेकसली. मी वाढला. ती रडत रडत सगळा जेवली.